शेजूळ सरांचा स्वेटर

भर मे महिन्यात लोकरीचा स्वेटर आणि कानटोपी घातलेला माणूस आमच्या विद्यापीठात दिसला तर घाबरू नका. ते शेजूळ सर. सगळ्या विभागांनी मिळून वापरायच्या मायक्रोस्कोपच्या खोलीचे प्रमुख. खोलीतला एसी ते इतका गार ठेवतात की स्वतःलाच हुडहुडी भरते, आणि जेवायला बाहेर उन्हात आले तरी स्वेटर काढायचं त्यांच्या लक्षात राहत नाही.

खोलीतल्या सगळ्यात मोठ्या यंत्राला ते आक्का म्हणतात. थंडी वाजते अशी तक्रार केली की उत्तर ठरलेलं, "आक्काला उकडतं. तू सोस."

नियम तर विचारू नका. अत्तर लावून यायचं नाही. वेळ ठरवून घेतली नसेल तर कुलगुरूंनासुद्धा स्टूल मिळणार नाही. आणि सगळ्यात मोठा गुन्हा म्हणजे तेल. एका लेन्सखाली तेलाचा थेंब टाकावाच लागतो, पण तोच थेंब शेजारच्या कोरड्या लेन्सला लागला की चित्र धूसर. ही चूक एका पोरानं केली तेव्हा सरांनी त्याला विचारलं होतं, "भज्याची कढई हाय का ही?" पुढं आठवडाभर त्याला लेन्स पुसायला लावल्या.

स्वेटर काकू, म्हणजे सरांच्या पत्नी, विणतात. दर उन्हाळ्यात नवा. पडेगावात, सरांच्या घराजवळ, शेजारणी हसतात म्हणे, पण काकूंचा नेम चुकत नाही. यंदाचा मात्र एकाच बाहीचा आला. आम्हीही पोटभर हसून घेतलं. "नवी फॅशन हाय," एवढंच बोलून सर कामाला लागले.

त्यानंतर एका दुपारी मी कपाशीच्या पानावरची बुरशी बघायला गेले, तर सर स्टुलावर नुसते बसलेले. कानटोपी हातात.

"तेल लागलं," ते म्हणाले.

"कुणी लावलं?"

"म्या."

कढईची आठवण करून द्यायचा मोह फार झाला. पण सरांनी उठून स्टूल मला दिलं, आणि मायक्रोस्कोपखाली दवाखान्याची नमुन्याची काच होती. मग हळूहळू कळलं. काकूंच्या काखेत गाठ निघाली होती. हात वर होईना, म्हणून बाही राहिली होती. गाठीचा तुकडा तपासून पहिल्या डॉक्टरांची खात्री पटली नव्हती. त्याच काचा दुसऱ्या डॉक्टरांकडे न्यायला सर निघाले होते, पण वाटेत राहवलं नाही, म्हणून आधी स्वतःच बघायला बसले.

त्यांनी सांगितलं तशी मी लेन्स पुसली. कागद बदलत, हलक्या हातानं, पुन्हा पुन्हा. ते भिंतीकडं तोंड करून उभे होते. शेवटी चित्र लख्ख झालं, जांभळं-गुलाबी. एवढ्या सुंदर चित्राची मला भीती वाटली.

"काय दिसतं?"

"सर, मला बुरशीशिवाय काही कळत नाही."

ते डोळा लावून बराच वेळ बघत राहिले. "लई जणांना फोकस करून दिलं मी," ते म्हणाले. "माझ्याच घरचं वाचता येत न्हाई मला."

मला रडू आवरेना. त्यांनी लेन्सचा कागद पुढं केला, मग तो महाग असतो हे आठवून आपला रुमाल दिला. काचा डबीत भरून ते गेले. त्या आठवड्यात खोलीत कुणी कुणाला ओरडलं नाही, आणि त्यामुळं आम्हाला अजिबात करमेना.

पुढच्या आठवड्यात व्हरांड्यातूनच सरांचा आवाज आला. कुणाच्या तरी अत्तराचा उद्धार चालला होता. मी धावतच आत गेले. सरांच्या अंगात तोच मरून रंगाचा स्वेटर होता, पण त्याला आता दुसरी बाही होती. पोपटी.

"साधी गाठ निघाली," ते म्हणाले. "काढली की झालं. निकाल कळला तशी, हात दुखत असताना बी तुझी काकू विणायला बसली. त्या रंगाची लोकर कुठंच मिळाली न्हाई."

माझ्या मनावरचं ओझं उतरलं. मी म्हटलं, "सर, आज तरी एसी जरा कमी करू का?"

"राहू दे," पोपटी बाही मनगटापर्यंत ओढत सर म्हणाले. "आज दोन्ही बाह्या हायेत."