उलट्या घड्याळाचं बारसं

रुपरावांच्या बैठकीत दोन घड्याळं होती आणि त्यांतलं एक उलटं टांगलेलं होतं. नवा पाहुणा आला की आधी पाणी प्यायचा, मग मान वाकडी करून भिंतीकडे बघायचा, आणि भला माणूस असेल तर ते सुलटं करायला उठायचा.

"हात नका लावू जी!" रुपराव दिवाणावरूनच ओरडायचे. "ते लीड्सचं आहे."

लीड्स हे इंग्लंडातलं गाव. मुलगा अमोल तिथे नोकरीला होता आणि जाताना त्यानेच बापाला ही युक्ती शिकवली होती. आपण इंग्लंडच्या साडेपाच तास पुढे. आकडे नसलेलं, नुसत्या रेघांचं घड्याळ डोक्यावर उभं केलं की काटे आपोआप तिकडची वेळ दाखवतात. बेरीज नको, वजाबाकी नको. रुपरावांचा जन्म काटोलला संत्र्याच्या बागेत गेलेला. आता बाग धाकटा भाऊ वसंत बघत होता आणि हे दोघं नवराबायको नागपुरात, मानेवाड्याच्या फ्लॅटमध्ये येऊन राहिले होते. फ्लॅटमध्ये पाणी द्यायला एक तुळस सोडली तर काही नाही. त्यामुळे दिवस फार उरायचा. तो उरलेला दिवस रुपरावांनी उलट्या घड्याळाला देऊन टाकला होता.

दुपारी जेवण झालं की कूलर सुरू करायचा, दिवाणावर लवंडायचं आणि लीड्सला जायचं, असा त्यांचा नेम होता. खसाचा ओला वास आला की डोळे अर्धे मिटायचे आणि उलटे काटे पाण्यात बुडाल्यासारखे दिसू लागायचे.

"आता अमोल बसथांब्यावर उभा आहे," ते पुटपुटायचे. "धुकं पडलं आहे. मफलर बांधला नाही पोट्ट्यानं."

"तुम्हाले इथून दिसून राहिलं काय?" स्वयंपाकघरातून जयवंताबाई विचारायच्या.

"दिसते नं."

आणि खरोखरच दिसायचं. एकदा भांडेवालीने पुसता पुसता घड्याळ सुलटं टांगलं, तर दोन दिवस लीड्स आणि नागपूर एकाच वेळी जेवत होती आणि रुपरावांना त्यात काहीही वावगं वाटलं नाही. उलट बरंच वाटलं.

मार्चच्या मध्याला अमोलला मुलगी झाली. बारावा दिवस महिन्याच्या शेवटच्या रविवारी येत होता. अमोलने फोन केला. "बाबा, बारसं आमच्या सकाळी साडेअकराले. ताईनं तिकडून फोनवर नाव सांगायचं. मी फोन बाळाच्या कानाशी धरतो. तुमचे किती वाजतात ते—"

"मले नको सांगू," रुपराव म्हणाले. "तुमचं घड्याळ माह्या भिंतीवर आहे."

ताई म्हणजे दामिनी, अमोलची थोरली बहीण. तिचा नवरा मौद्याच्या वीज केंद्रात होता. आईवडील बागेत असायचे तेव्हा अमोलला कडेवर घेऊन तिनेच वाढवलेलं. त्याच्या लेकीचं नाव ती जन्मल्या दिवसापासून मनात ठेवून होती आणि नवऱ्यालासुद्धा सांगत नव्हती. रुपरावांनी तिला शब्द दिला होता, की नाव तूच सांगशील. त्यात त्यांचाही स्वार्थ होता. सूनबाई मुग्धाची आई, म्हणजे विहीणबाई, बाळंतपणासाठी लीड्सला जाऊन बसल्या होत्या. बाळाला अंघोळ त्या घालायच्या, अंगाई त्या म्हणायच्या. रुपरावांना रोज वाटायचं, त्या पोरीच्या कानात एक तरी आवाज आपल्या घरचा पडू दे. नाहीतर मोठी झाल्यावर आपण तिच्यासाठी फोनमधली दोन म्हातारी डोकी, एवढेच उरू.

रविवारी सकाळी रुपरावांनी उलट्या घड्याळाखाली उभं राहून हिशेब केला. तिकडे साडेअकरा, म्हणजे आपले संध्याकाळचे पाच. दामिनीला तसं कळवलंही. तेवढ्यात शेजारचे मधुकरराव पेपर परत द्यायला आले. सरकारी कचेरीतून निवृत्त झालेले गृहस्थ, नियमांवर त्यांचा भारी जीव.

"रुपरावजी, आज गडबड आहे बरं का," ते म्हणाले. "विलायतेत मार्चच्या शेवटच्या रविवारी घड्याळं एक तास पुढे करतात. उन्हाळा लागला म्हणून."

"काहून? उन्हाळ्याचा घड्याळाशी काय संबंध? आपल्या इथं पंचेचाळीस डिग्री होते, आपण करतो काय पुढे?"

"त्यांचा नियम आहे. आपण कोण बोलणार?"

रुपराव खचले. ज्या घड्याळावर सगळी कॉलनी विश्वासून होती, त्याला इंग्लंडने असा दगा द्यावा! मग दोघांनी चहा घेत विचार केला. तास पुढे केला आहे. मग आपल्यालाही तास पुढेच गेलं पाहिजे. पाचाचे सहा.

"तुमचं एकदम बरोबर," मधुकरराव म्हणाले.

"त्यापेक्षा फोन करून विचारा नं त्याले," जयवंताबाई मध्येच बोलल्या.

"आता तिकडे रात्र आहे. बाळंतीण जागी होईल. अन् मी काय सांगू त्याले, की तुह्या बापाले घड्याळ समजत नाही?"

जयवंताबाई गप्प बसल्या, पण मौनाचा आवाज बराच मोठा होता. रुपरावांनी दामिनीला पुन्हा कळवलं, "बाई, सहाले आहे. घाई नको करू."

दुपार झाली. जयवंताबाईंनी स्वयंपाकघराचं दार लोटून घेतलं आणि पुरणाला मिक्सर लावला. बारसं लीड्सला असलं तरी पुरणपोळी मानेवाड्याला व्हायची होती. रुपरावांनी फोन पूर्ण चार्ज केला, छातीवर ठेवला, वर दोन्ही हात ठेवले आणि दिवाणावर लवंडले. आज झोपायचं नाही, असं त्यांनी स्वतःला बजावलं. कूलर गुणगुणत होता. उलटे काटे हळूहळू पाण्यात उतरले.

ते बागेत होते. काटोलचीच बाग, पण धुक्यात बुडालेली, आणि झाडं मात्र आभाळातून खाली लोंबत होती. फांद्याफांद्यांवर पांढरी फुलं, आणि वास असा गोड की छाती भरून यावी. लांब कोट घातलेली माणसं दोन्ही बाजूंनी उभी होती, जणू कोणाची तरी वाट पाहत. एका फांदीला पाळणा बांधला होता. रुपराव त्याच्याकडे चालत राहिले, पण पाळणा तेवढाच दूर. मग धुक्यातून कोणीतरी म्हणालं, "बोला नं बाबा, बोला लवकर." त्यांनी वर बघितलं. "बहार," ते म्हणाले. "बहार आला वं माय." आणि सगळी बाग टाळ्या वाजवू लागली.

डोळे उघडले तेव्हा पुरणाचा वास येत होता आणि फोन कुशीखाली गेलेला होता. दामिनी काठाची साडी नेसून, केसांत मोगरा माळून दारात उभी होती. मौद्याहून येताना बसमध्ये फोन पर्समध्ये खाली कुठेतरी गेला होता, तो ती आता शोधत होती. मधुकररावही आले होते, नियमाप्रमाणे होतं का ते बघायला.

बरोबर सहाला रुपरावांनी व्हिडिओ कॉल लावला. पडद्यावर अमोल दिसला, हाफपँटीत, हातात उष्ट्या प्लेटांची चळत.

"अरे, पाळणा कुठं आहे?" रुपराव म्हणाले. "लोक कुठं आहेत?"

"लोक जेवून गेले, बाबा. दोन तास झाले नं बारशाले."

अमोलने बापाला समजावून सांगितलं, की घड्याळ इकडे पुढे गेलं म्हणजे तुमच्यातलं अन् आमच्यातलं अंतर एक तासानं कमी झालं. पाचाचे चार करायचे होते. मधुकररावांनी छताकडे बघितलं आणि चप्पल शोधायला सुरुवात केली.

रुपरावांना दामिनीकडे बघवेना. तिच्या चेहऱ्यावरचं बारा दिवस जपलेलं हसू तिथेच थिजलं होतं. पोरीला दिलेला शब्द आपण झोपेत घालवला होता. तरी त्यांनी विचारलं, "मंग नाव कोणी सांगितलं? विहीणबाईंनी?"

"काय बाबा, मजाक करून राहिले काय? तुम्हीच तं सांगितलं."

"मी?"

"ताई फोन उचलेना, म्हणून तुम्हाले लावला. तुम्ही उचलला. पडद्यावर नुसता पंखा दिसून राहिला होता. मी म्हटलं, बोला नं बाबा, बोला लवकर, मुहूर्त चालला. फोन बाळाच्या कानाशी धरला. तुम्ही म्हणाले, बहार. बहार आला वं माय. तुमचा आवाज असा भरून आला होता की सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मुग्धाची आई तं रडली. म्हणाली, आजोबानं किती विचार करून नाव काढलं!"

जयवंताबाईंनी पदर तोंडाला लावला. दामिनी बापाकडे बघत राहिली. तेवढ्यात मुग्धा बाळाला घेऊन पडद्यात आली. "ताई, पाळण्यातली नावं चार असतात. तुमचं राहिलंच आहे. मी फोन कानाशी धरते."

दामिनीने फोन दोन्ही हातांत घेतला, तोंडाशी नेला आणि अगदी हलक्या आवाजात काहीतरी सांगितलं. रुपरावांनी कान टवकारले, पण कूलरपुढे काही ऐकू आलं नाही. तिकडे बाळाने झोपेतच ओठ हलवले. दामिनीचे डोळे भरले आणि ती हसली.

"काय सांगितलं वं?"

"ते मंग. आधी तुम्ही उठा, बाबा. पाठ करा इकडे."

"काहून?"

"पहिलं नाव तुम्ही सांगितलं नं? मंग आत्याचे बुक्के बी तुमचेच."

"माय, माही कंबर—"

दामिनीने पहिला बुक्का घातला. दुसरा जयवंताबाईंनी घातला आणि त्यात सकाळचं सगळं मौन होतं. दिवाणाला धरून वाकलेले रुपराव "हळू वं, हळू वं" करत हसू लागले, आणि हसता हसता त्यांना वाटलं, असा मार आपल्याला आधी का कधी मिळाला नाही.

"आई," अमोल लीड्सहून ओरडला, "माह्याकडून बी एक!"

आणि जयवंताबाईंनी तो अगदी वेळेवर दिला.