बापूंची पाठ

आमच्या गल्लीतल्या कुठल्याही लग्नाचा अल्बम उघडा, त्यात एक माणूस पाठमोरा उभा असलेला सापडेल. सगळं वऱ्हाड कॅमेऱ्याकडे बघून हसतंय, नवरी घामाघूम झालीय, आणि मधेच एक किडकिडीत, किंचित वाकलेली पाठ. पांढरा सदरा, मानेशी बारीक कापलेले केस. माझ्या लग्नाच्या एका फोटोत तर या पाठीमुळे माझी सख्खी आत्या अख्खी झाकली गेली आहे. अल्बम गंगापूरला माहेरी गेला तेव्हा आत्यानं तिथल्या तिथं विचारलं, "कोण हा मेला? याला फोटो कसा काढतेत म्हाईत नाय व्हय?"

मी नवी नवरी. घाबरत घाबरत सासूबाईंना विचारलं. त्या तांदूळ निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "ते शेजारचे सोनटक्के काका. बापूंची पाठ आहे ती." आणि पुन्हा खडे वेचायला लागल्या. जणू गल्लीत एकाचं किराणा दुकान असतं, एकाची पिठाची गिरणी असते, तशी एकाकडे बापूंची पाठ असते.

त्याचं असं झालं होतं. कुणा मुंबईच्या कंपनीनं बापूंच्या आयुष्यावर सिनेमा काढायला घेतला. काही भाग दौलताबादच्या स्टेशनावर काढायचा ठरला. आगगाडीतून उतरून बापू फलाटावरून चालत जातात, दोन्ही बाजूंनी लोक उभे, असा देखावा. ऐन वेळी बापूंचं काम करणारा मोठा नट पोहोचलाच नाही. मग दिग्दर्शकानं बघ्यांच्या गर्दीवर नजर फिरवली आणि तहसील कचेरीतले कारकून सोनटक्के यांच्यावर ती थांबली. "इनको पीछे से लो," तो म्हणाला. काकांच्या आयुष्यातलं सगळ्यात मोठं वाक्य ते हेच. ते सांगताना काका दरवेळी उठून उभे राहायचे आणि वळून दाखवायचे.

डोकं भादरलं, पंचा नेसवला, हातात काठी दिली, आणि काका भर उन्हात तापलेल्या फलाटावरून अनवाणी चालले. कडेच्या गर्दीतल्या एका म्हाताऱ्यानं खरंच वाकून नमस्कार केला. "त्याला म्हाईत होतं मी कारकून हाय म्हणून," काका सांगायचे, "दाखल्यासाठी माझ्याच टेबलाशी येऊन गेला होता. तरी वाकला. पाठीची करामत, दुसरं काय!"

तेव्हापासून काका माणसाला चेहऱ्यानं मोजेनासे झाले. "चेहरा काय, मेकअपवाला तयार करून देतो. पाठ पैदा व्हावी लागती," हे त्यांचं पालुपद. बापूंवरचा सिनेमा असो, दूरदर्शनवरची मालिका असो, नाहीतर शाळेच्या गॅदरिंगमधली नाटुकली असो, काका पुढच्या खुर्चीवर बसून वाट बघायचे. काम करणारा कधी एकदा वळतोय याची. तो वळला की निकाल लागायचा. "हा बापू नाय, पहिलवान हाय." "ही पाठ जेवून आलीय, बापूंची पाठ उपासाची पायजे." एका मालिकेतल्या गाजलेल्या नटाबद्दल त्यांनी फार विचार करून मत दिलं, "बेशक चांगलं काम करतो. पण पाठ हेडक्लार्कची हाय. रजेचा अर्ज नामंजूर करनारी."

स्वतःच्या पाठीला मात्र ते जपायचे. खुर्चीत टेकून बसायचे नाहीत. मऊ गादी नाही, दुसरी पुरणपोळी नाही. माझ्या सासूबाईंनी आग्रह केला की पोटावर हात न ठेवता पाठीवर ठेवायचे आणि म्हणायचे, "मानवत नाय." दर रविवारी सकाळी ओट्यावर उघडे बसायचे आणि कमलकाकू, म्हणजे त्यांची बायको, त्यांच्या पाठीला खोबरेल तेल चोळायच्या. येणारेजाणारे बघायचे. काकूंना त्याची लाज वाटत नसे. उलट कुणी थांबलं तर त्या पदरानं हात पुसत सांगायच्या, "सिनेमातली हाय."

मला हे सगळं आधी चक्रमपणाच वाटायचं. एकदा मी काकांना तोंडावर म्हटलं, "काका, अहो देशातल्या लोकांनी बापूंचा चेहरा ओळखला, चष्मा ओळखला. पाठीचं काय एवढं?"

काका रागावले नाहीत. मला घरात घेऊन गेले. भिंतीवर बापूंची जुनी तसबीर होती. त्यांनी ती खिळ्यावरून काढली आणि उलटी केली. मागच्या बाजूला तिरुपतीचा बालाजी.

"सूनबाई, निजामाच्या राज्यात मी पोरगा होतो. बापूंची तसबीर घरात सापडली की बापाला उचलून न्यायचे. म्हणून वडलांनी पुढं बालाजी लावला अन् त्याच्या मागं बापू. फौजदार यायचा, बालाजी बघून जायचा. वडील रोज हात जोडायचे तेव्हा हळूच सांगायचे, पोरा, नमस्कार मागच्याला पन पोचतो बरं का. पोलीस ॲक्शन झालं, निजाम गेला, तवा त्यांनी भर चौकात नेऊन ही तसबीर उलटी केली. अन् रडले. तवर आमच्या घरात बापू कायम पाठ करूनच व्हते."

त्या दिवसानंतर मी काकांना चक्रम म्हणणं सोडलं. गंगापूरच्या आत्यालाही कळवलं की तू कुणाच्या मागे झाकली गेलीस ते आधी समजून घे.

एक गोष्ट मात्र कळत नव्हती. हा सिनेमा दूरदर्शनवर दर दोन ऑक्टोबरला लागायचा. अख्खी गल्ली बघायची. आणि दर दोन ऑक्टोबरला, सिनेमा सुरू होऊन जरा वेळ झाला की, फक्त सोनटक्क्यांच्या घरातली वीज जायची. आमचे पंखे गरगरतायत आणि त्यांच्याकडे अंधार. मी खिडकीतून हाक मारायची, "काकू, आमच्याकडे या ना बघायला!" काकू म्हणायच्या, "यांना सोडून कशी येऊ गं? उकाड्यात बसतील एकटेच." एका वर्षी मी साखर मागायला गेले, तर काका जिन्याखाली मीटरशी उभे आणि सदऱ्याच्या खिशातून फ्यूज डोकावतोय. मला बघून त्यांनी खिशावर हात ठेवला. मीही साखर न मागता परत आले.

उलगडा झाला तो मुक्तिसंग्रामाच्या सुवर्णमहोत्सवी वर्षात. गल्लीतल्या गणेश मंडळाच्या पोरांनी ठरवलं की सोनटक्के काकांचा जाहीर सत्कार करायचा. देवळामागच्या मैदानात मोठा पडदा लावायचा, सिनेमा दाखवायचा आणि फलाटाचा देखावा आला की टाळ्या वाजवायच्या. माझा नवरा वाळूजच्या कंपनीतून पहिली पाळी करून आला की रोज याच वर्गणीच्या मागे. पत्रिका छापून आल्या. त्यावरही काकांचा फोटो पाठमोराच होता.

आनंदानं उड्या मारायच्या तर काकांचं जेवण सुटलं. एक दिवस दुपारी, काकू देवळात गेलेल्या बघून, ते आमच्या ओसरीवर येऊन बसले. आणि खांबाला चक्क टेकून बसले.

"सूनबाई," ते म्हणाले, "ती पाठ माझी नाय."

मी त्यांच्यासमोर खाली बसले.

"मी चाललो ते खरं. फलाट भाजला ते खरं. पन माझं काम झालं, मी घरी आलो, अन् दुपारी तो मोठा नट पोचला. त्यानं सगळं पुन्यांदा केलं. तोच चालतो, अन् चालता चालता वळून हात जोडतो. एका दमात. माझ्या पाठीला कुठं जागा राह्यली? मला काय म्हाईत! मी टॉकीजात गेलो ते सासुरवाडीची सगळी फौज घेऊन. हिच्या दोघी बहिणी मागच्या रांगेत. बागायतदारांच्या घरी दिलेल्या. ही एकटी कारकुनाला दिलेली. जलमभर त्यांनी हिला खाली मान घालायला लावली. पडद्यावर ती पाठ आली, मी वळखलं, माझी नाय. अन् तेवढ्यात ही ताडकन उठली. मागं वळून बहिणींना वरडून सांगितलं, हे आमचे हायेत, नीट बगून घ्या! सगळं टॉकीज बघायला लागलं. अन् ही तिकडं तोंड करून उभी असताना पडद्यावर तो वळला. हिनं बघितलंच नाय. खाली बसली तवा डोळ्यात पानी अन् मान अशी ताठ. आता मी काय सांगू तिला? कामून सांगू?"

"म्हणून फ्यूज?" मी विचारलं.

"म्हणून फ्यूज. गल्लीला वाटतं, पाठ माझी अन् तोंड त्याचं जोडलंय, पन ही फसायची नाय."

काका रडले नाहीत, पण मला आवरलं नाही. मी पदर तोंडाला लावला. हा माणूस उभी हयात बायकोची ताठ मान सांभाळत बसला होता आणि आम्ही त्याच्या मऊ गादीवरून विनोद करत होतो. शेवटी आमचं ठरलं. सिनेमाच्या वेळी मी काकूंच्या शेजारी बसायचं आणि फलाट दिसला की तांब्यातलं पाणी त्यांच्या लुगड्यावर सांडायचं. काकूंचं लक्ष खाली, तेवढ्यात नट वळून मोकळा.

सत्काराच्या दिवशी मैदान भरलं. चिकलठाण्याहून आणलेला मोठा पडदा वाऱ्यानं फुगत होता. काका मंचावर हार घालून बसले होते, बायकांच्या रांगेत मी आणि काकू पुढे. काकूंनी ठेवणीतलं जांभळं इरकल नेसलं होतं. त्यावर पाणी सांडायचं या विचारानं मी आधीच कासावीस. तांब्या मांडीवर घट्ट धरून बसले.

पडद्यावर आगगाडी आली. गर्दी दिसली. पंचा, काठी, पाठ. पोरांनी शिट्ट्या मारल्या. मी मंचाकडे बघितलं. काका पडद्याकडे बघतच नव्हते, ते आमच्याकडे बघत होते. मी तांब्या उचलला.

आणि काकू उठल्या.

पडद्याकडे पाठ करून, सगळ्या मैदानाकडे तोंड करून, हात उंच करून त्या ओरडल्या, "हे आमचे हायेत! नीट बगून घ्या!" मैदानानं असा टाळ्यांचा कडकडाट केला की देवळावरची कबुतरं उडाली. मागे पडद्यावर तो नट वळला, त्याचा गोरा, गोल चेहरा सगळ्यांना दिसला, त्यानं हात जोडले. कुणाला त्याचं काही नव्हतं. सगळे काकूंकडे बघत होते.

टाळ्या ओसरल्या तरी काकू बसेनात. मी त्यांचा पदर ओढला. तेव्हा मान न वळवता, हसरा चेहरा जराही न हलवता, त्या हळूच मला म्हणाल्या, "गेला का गं तो?"

"कोण?"

"तो. तोंड दाखवतो तो. गेला की सांग, मग बसती."

माझ्या हातातला तांब्या तसाच राहिला. पडद्यावर आता नुसती गाडी होती. "गेला," मी म्हटलं, आणि काकू सावकाश खाली बसल्या.

"काकू, तुम्हाला ठाऊक आहे?"

"अगं, जलम गेला त्या पाठीला तेल चोळण्यात. मी वळखनार नाय व्हय?" त्या पडद्याकडे बघत बोलत होत्या. "त्या दिवशी टॉकीजात पाठ आली, म्हटलं, ही आपली नाय. यांच्याकडं बघितलं तर तोंड पांढरं फटक पडलेलं. माझ्या बहिणींसमोर. मग मला बसवलंच नाय. उठले अन् सांगून टाकलं." मग त्यांनी माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. "त्यांना बोलू नको हं. त्यांना वाटतं मी बघितलं नाय. त्या फ्यूजपायी दर वर्षी जिवाचा आटापिटा करतेत बिचारे."

मी बोलले नाही. त्यांच्या हयातीत दोघांपैकी कुणालाच बोलले नाही.

सिनेमा संपल्यावर फोटो काढायचे ठरले. फोटोवाल्यानं काकांना मंचाच्या मध्ये उभं केलं, आणि काका सवयीप्रमाणे वळून पाठमोरे झाले. सगळे हसले. फोटोवाला म्हणाला, "काकू, तुम्ही तरी नीट उभ्या राहा." काकू मंचावर चढल्या, काकांच्या शेजारी गेल्या, कॅमेऱ्याकडे एकदा बघितलं आणि त्यांच्यासारख्याच वळून उभ्या राहिल्या.

तो फोटो माझ्याकडे आहे. एक किडकिडीत पाठ, शेजारी जांभळं इरकल. दोघांचाही चेहरा दिसत नाही. काकूंचा हात मात्र दिसतो. तो काकांच्या पाठीवर आहे.