मास्तरांच्या घरी बर्फ आला

लिंबाच्या सरबतावर सहज भागलं असतं, असं कृपाचं आजही मत आहे.

राहुरीहून थॉमसराव आणि त्यांच्या पत्नी मरियाबाई शनिवारी कोल्हारला येणार होते. त्यांचा मुलगा दानीएल नगरच्या एका दवाखान्यात कंपाउंडर होता आणि त्याच्यासाठी कृपाला बघायचं होतं. मे महिना, लढाईचे दिवस. साखर रेशनवर, रॉकेल रेशनवर, पेट्रोल तर साहेबांनाही मिळत नव्हतं. अशा दिवसांत पाहुण्यांना गोड सरबत म्हणजे मेजवानीच. पण शलमोन मास्तर म्हणाले, "सरबत कोणीही देतं. आपण नारळाचं आइस्क्रीम करू. तुझी आई करायची तसं."

कृपाच्या हातातली भाजी विळीवरच राहिली. "कोण करणार?"

"मी. नगरला असताना इतकी वर्षं कोण करत होतं?"

कृपा पुन्हा भाजी चिरू लागली. मास्तरांनी ते संमतीत जमा केलं.

नगरला मिशनच्या कंपाउंडात राहत असताना, विलायतेला परत जाणाऱ्या एका मडमेने कृपाच्या आईला, हन्नाबाईंना, आइस्क्रीमचा संचा दिला होता: एक लाकडी बादली, तिच्यात बसणारा पत्र्याचा डबा आणि वर फिरवायचा दांडा. त्यात हन्नाबाई दरवर्षी ईस्टरला नारळाचं आइस्क्रीम करत. दुधाचा थेंब नाही. नारळाचा रस, साखर आणि वरून लिंबू. (मडमेने त्याला इंग्रजीत वेगळंच नाव सांगितलं होतं. पण जे गार आणि गोड, ते कंपाउंडात आइस्क्रीमच.) दांडा फिरवायचं काम मास्तरांकडे असे. मागच्या पायरीवर बसून ते फिरवत आणि मिशनचा कारभार कसा चालवायला हवा हे येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत. त्यामुळे आइस्क्रीम दांड्याने होतं, बाकीची नुसती पूर्वतयारी, असं त्यांचं प्रामाणिक मत झालं होतं.

मरियाबाईंनी ते एकदा नगरच्या सभेत खाल्लं होतं आणि पुन्हा मागून घेतलं होतं. तेवढं कारण मास्तरांनी बोलून दाखवलं. दुसरं नाही दाखवलं. बदली होऊन कोल्हारला आल्यावर वर्षाच्या आत हन्नाबाई गेल्या. त्याला दोन वर्षं झाली. तेव्हापासून कृपाकडे बघून बायका "आईविना पोर" म्हणत, आणि म्हणताना आवाज थोडा खाली आणत. मरियाबाईंनी आपल्या घरातून उठताना तो आवाज काढू नये, एवढंच मास्तरांना हवं होतं.

संचा सरपणाच्या खोलीत निघाला. त्यात कोंबडी अंड्यांवर बसली होती. तिला टोपलीत हलवताना मास्तरांचे दोन्ही हात सोलले आणि त्या दिवसापासून ती त्यांच्या पायांच्या मागावर राहिली.

मग नारळ. कोल्हारात नारळ मिळतात ते भगवतीच्या देवळापाशी, राधाकृष्ण वाण्याच्या दुकानात, आणि ते देवीलाच जातात. मिशनच्या शाळेचे मास्तर पिशवी घेऊन दुकानासमोर उभे राहिले आणि त्यांनी चार नारळ मागितले, तेव्हा राधाकृष्णाने हातातलं माप खाली ठेवलं. काही न बोलता निवडून नारळ दिले. सवयीने हळदी-कुंकवाची पुडी टाकली, चूक लक्षात येऊन बाहेर काढली, आणि थोडा विचार करून पुन्हा टाकली.

"खायला नेतोय," मास्तर म्हणाले.

"व्हय व्हय. खायलाच." राधाकृष्णाने आवाज खाली आणला. "येळ येती मान्सावर. मी कुनाला सांगत न्हाई."

मास्तर चिडून घरी आले. (राधाकृष्णाने दिवे लागायच्या आत निम्म्या गावाला सांगितलं. उरलेलं निम्मं गाव त्या निम्म्याने सांभाळलं.)

बर्फ नगरहून आणायचा होता. सर्व्हिस मोटरचा ड्रायव्हर छगन, त्याला मास्तरांनी गाठून सांगितलं की शनिवारी येताना भुशात घालून, पोत्यात गुंडाळून बर्फ आण. छगनचा चेहरा उतरला. कोणासाठी, कशाला, त्याने काही विचारलं नाही. नुसती मान हलवली.

आता, कोल्हारात बर्फ कशासाठी येतो हे सगळ्या गावाला ठाऊक होतं. ताप डोक्यात चढला की डॉक्टर बर्फ सांगतात. दुसऱ्या कशासाठी गावात बर्फ आलाच नव्हता. इकडे आइस्क्रीमच्या हिशोबात गढलेल्या मास्तरांना एवढी गोष्ट आठवली नाही. खरं म्हणजे, आठवायला हवी होती ती त्यांनाच.

छगनची मोटर कोळशाच्या गॅसवर चालायची. मागे भट्टी लटकलेली, चढ आला की उतारू खाली. ती वेळेवर आली तरी लोक आपलं घड्याळ तपासत. त्या शनिवारी ती वेळेच्या कितीतरी आधी आली. छगन पोतं खांद्यावर घेऊन स्टँडपासून पळत आला, ओट्यावर ठेवून म्हणाला, "मास्तर, या खेपंला कुटं थांबलो न्हाई. राहुरीला बी न्हाई." भाडं त्याने घेतलं नाही. गमज्याने डोळे पुसत निघून गेला. उन्हातून पळाला, घाम गेला असेल डोळ्यांत, असं मास्तरांना वाटलं.

कृपाने रस काढून डब्यात भरला, झाकण लावलं, बादलीत निम्मा बर्फ आणि जाडं मीठ घातलं. उरलेला बर्फ पोत्यातच ओट्यावर सावलीला ठेवला. "मी सांगेपर्यंत झाकण उघडायचं नाही," असं बजावून तिने वडिलांना मागच्या अंगणात बसवलं आणि ती चुलीकडे वळली.

मास्तर फिरवू लागले. दांडा फार हलका फिरत होता. नगरलाही असाच फिरायचा. कौशल्य हातातून जात नाही, ते मनाशी म्हणाले. मागून कोंबडीने पोटरीला चोच मारली.

पहिला आला शेजारचा कारभारी. कुडाच्या पलीकडे उभा राहून त्याने पागोटं काढलं.

"मास्तर, गाडी जुपून ठिवलीय."

"कशाला?"

"लागली तर."

पाहुणे दुपारच्या मोटरने यायचे होते; त्यांना स्टँडवरून आणायला म्हणत असेल, असं मास्तरांनी धरलं. "चार वाजता लागेल," ते म्हणाले.

कारभारी हबकला. इतकं नक्की सांगितलेलं त्याने कधी ऐकलं नव्हतं. तो पागोटं हातातच घेऊन मागे सरला.

मग चर्चचे पाळकसाहेब आले. म्हणाले, संकटात माणसाचा पाय घसरतो, नारळांचं माझ्या कानावर आलं.

"गोड निघाले," मास्तर म्हणाले.

पाळकसाहेबांनी डोळे मिटून प्रार्थना सुरू केली. मास्तरांना दांडा थांबवता येईना, कारण मध्येच थांबलं की गुठळ्या होतात हे हन्नाबाईंनी त्यांना पक्कं सांगून ठेवलं होतं. तेव्हा तेही डोळे मिटून फिरवत राहिले आणि आमेन म्हणताना तेवढा वेग कमी केला.

एव्हाना पुढच्या दारी माणसं जमल्याचा आवाज येऊ लागला. हळू बोलणं, चपला काढणं, बांगड्या. आइस्क्रीमची बातमी फुटली, मास्तरांनी ताडलं, आणि लोक वाट्या घेऊन आले. त्यांचा जीव कासावीस झाला. एवढ्याशा डब्यात गाव कसं बसवायचं? त्यांनी कृपाला हाका मारल्या. कृपा येईना. उठावं, तर गुठळ्या.

कृपा येऊ शकत नव्हती. शेजारच्या छबूबाई आल्या तेव्हा ती चुलीपासून नुकतीच उठली होती. धुराने डोळे लाल, केस सुटलेले, तोंड तापलेलं. छबूबाईंनी कपाळाला हात लावला आणि त्यांना जे कळायचं ते कळलं. पुढच्या क्षणी कृपा खाटेवर होती. ओट्यावरचं पोतं फोडून बर्फ फडक्यात बांधून तिच्या डोक्यावर ठेवला गेला, दोघी पाय धरून बसल्या, एक वारा घालू लागली.

"मावशी, मला काही झालं नाही," कृपा म्हणाली.

"समदी असंच म्हनत्यात," छबूबाई म्हणाल्या. "तुजी आई बी म्हनली हुती. गप पड."

त्याच वेळी दारात गुळाची लॉरी थांबली आणि ढेपांवरून मरियाबाई उतरल्या. पांढऱ्या लुगड्याला गुळाचे डाग, त्यावर मुंग्या, मागे थॉमसराव. ऊन टाळायला दोघं सकाळच्याच मोटरला राहुरीच्या स्टँडवर आली होती, पण हात केला तरी ती थांबली नव्हती. ड्रायव्हरने नुसतं ओरडून सांगितलं होतं की कोल्हारात मास्तरांच्या घरी माणूस चाललंय.

मरियाबाई गर्दीतून सरळ खाटेपाशी गेल्या. फडकं उचललं, कपाळ बघितलं, नाडी बघितली. (मुलगा कंपाउंडर होता तरी नाडी त्या घरात त्याच बघत.)

"मुली, तुला काय होतंय?"

"काही नाही," कृपा म्हणाली. तिच्या कानांवरून बर्फाचं पाणी गळत होतं. "बर्फ आइस्क्रीमसाठी आणलाय. बाबा मागे दांडा फिरवताहेत."

सगळ्यांनी मागच्या दाराकडे माना वळवल्या. तिकडून दांड्याची कुरकुर स्पष्ट ऐकू आली.

मग सगळेच मागे गेले. मास्तरांनी वर पाहिलं तर समोर मरियाबाई, त्यांच्यामागे थॉमसराव, छबूबाई, कारभारी, राधाकृष्ण वाणी, पाळकसाहेब आणि गाव. वाटी कोणाच्याच हातात नव्हती.

"सलाम," मास्तर म्हणाले. "बसा. होतच आलंय."

मरियाबाईंनी वाकून झाकण काढलं. आत नारळाचा रस होता. कडेला बर्फाची पापडी, बाकी पांढरा, पातळ, सकाळी ओतला तसा. मास्तरांचा दांडा थांबला.

गर्दीतून छगन पुढे आला. त्याला आइस्क्रीमचं काही कळलं नव्हतं. "मास्तर," तो म्हणाला, "बरफ येळेवर पोचला ना या खेपंला?"

मास्तर त्याच्याकडे बघत राहिले. दोन वर्षांपूर्वी हन्नाबाईंसाठी बर्फ मागवला होता तेव्हा याचीच मोटर वाटेत बंद पडली होती. संध्याकाळी पोचलं ते ओलं पोतं. ते ओलं पोतंही छगनने ओट्यावर नीट घडी करून ठेवलं होतं.

"पोचला, छगन," मास्तर म्हणाले. "वेळेवर पोचला."

छगनने गमजा पुन्हा डोळ्यांना लावला. मग मरियाबाईंनी डब्यात पुन्हा डोकावून पाहिलं. "याच्या आत लाकडी पंखा असतो. त्याच्याशिवाय रस घुसळायचा कसा? तो कुठाय?"

कृपाने खाली बघितलं. "आहे. मी नंतर लावणार होते."

"नंतर म्हणजे कधी?"

"बाबा दमल्यावर." तिने पदर चाचपला. "आई तसंच करायची. बाबांना आधी नुसता दांडा द्यायची, म्हणजे ते स्वैपाकघरात येत नसत. ते उपासनेची घंटा वाजवायला गेले की आम्ही पंखा लावून फिरवायचो. मग लगेच व्हायचं."

मास्तरांच्या डोळ्यांपुढून नगरचे सगळे ईस्टर एकामागून एक गेले.

मरियाबाई आल्यापासून पहिल्यांदा खाली बसल्या. बराच वेळ त्यांनी कृपाकडे पाहिलं. मग नवऱ्याकडे वळून म्हणाल्या, "हिच्या आईने हिला सगळं शिकवून ठेवलंय. मला आणखी काही बघायचं नाही." आणि मास्तरांचा चेहरा बघून जरा मऊ आवाजात म्हणाल्या, "मनाला लावून घेऊ नका. आमच्या भिंतीवरचं घड्याळ कित्येक वर्षं बंद आहे. हे रोज सकाळी त्याला किल्ली देतात."

थॉमसराव दचकले. "बंद आहे?"

कृपा आत जाऊन आली तेव्हा तिच्या एका हातात पंखा होता आणि दुसऱ्या हातात मास्तरांची टोपी. दाराशेजारच्या भिंतीत खोचलेल्या ज्या लाकडी खुंटीला ते दोन वर्षं रोज टोपी अडकवत होते, ती म्हणजे हाच पंखा होता.

कपाळावरचा बर्फ धुऊन बादलीत गेला. कृपाने, मरियाबाईंनी आणि छबूबाईंनी पाळीपाळीने दांडा फिरवला; मास्तरांना कोणी विचारलं नाही. आइस्क्रीम झालं, मऊसर, थोडं. चमचा चमचा गावाला पुरलं. कारभारी तोंड वाकडं करून म्हणाला, "लई गार हाय. पन मास्तर, आमाला सांगायचं तरी. बैलं सकाळधरनं उपाशी उबी हायेत." मरियाबाईंनी दोनदा घेतलं. लग्न नाताळानंतर करायचं ठरलं. चार वाजता गाडी लागली, पाहुण्यांना स्टँडवर सोडायला. निघताना मरियाबाईंनी कृपाच्या डोक्यावरून हात फिरवला, आणि आवाज काही खाली आणला नाही.

अंगण रिकामं झालं. कृपाने पंखा धुऊन पुसून डब्यात ठेवला. लग्नात लागणार होता. मास्तर टोपी हातात घेऊन दारापाशी आले. खुंटीच्या जागी भिंतीला भोक होतं.

"कृपा," ते म्हणाले, "आता टोपी कशाला अडकवू?"

"दांड्याला," आतून आवाज आला. "तो तुमचाच आहे."