म्हात्रेकाकूंची घोडेस्वारी

आमच्या समोरच्या म्हात्रे सरांपुढे 'काकू अंथरुणाला खिळल्यात' असं कोणी म्हटलं, की संपलंच! "खिळायला ती काय फळी आहे?" ही गर्जना नवीन पनवेलच्या आमच्या अख्ख्या सोसायटीने ऐकलेली आहे. जन्मभर पोरांना इंग्रजी शिकवलेला माणूस. समोरच्याला जिन्यातच उभं करून तास घेणार. "इंग्रजीत बेडरिडन म्हणतात. हजार वर्षं जुना शब्द. बेड म्हणजे खाट. आणि पुढचं रिडन कुठून आलं? स्वारापासून! खाटेवर स्वार झालेला माणूस. आजारी, लुळेपांगळे, सगळ्यांना त्या लोकांनी घोड्यावर बसवलं. आणि आपण? खिळे ठोकतो!"

एकदा तर हे सगळं गॅसवाल्याला ऐकवलं, सिलिंडर त्याच्या खांद्यावर असताना. तो बिचारा म्हणाला, "सर, ठेवू का खाली?"

काकू उरणकडच्या आगरी. अर्धांगाने एक बाजू गेलेली, जीभ मात्र शाबूत. रोज सकाळी त्यांना उशीला टेकवून बसवताना सर विचारायचे, "काय सरदार, आज कुठवर दौड?" काकू म्हणायच्या, "मास्तर, तुमचा घोडा जागचा हालत नाय!" मग दोघं खूप हसायची. मला मेलीला मात्र आमटीची वाटी हातात धरून रडू यायचं.

त्यांच्या मुलाने खारघरला चांगलं शुश्रूषा केंद्र पाहिलं होतं. नर्स, डॉक्टर, सगळं. सर म्हणाले, "ती इथेच राहील." स्वतःची पाठ धरलेली असायची, तरी काकूंना उचलायचे, न्हाऊ घालायचे, वेणीसुद्धा घालायचे. वेणी कायम वाकडी.

मागच्या महिन्यात काकू गेल्या. भेटायला आलेल्यांपैकी एक बाई बोलल्याच, "सुटल्या हो बिचाऱ्या." मी सरांकडे पाहिलं. म्हटलं, आता उडतोय भडका! तेवढ्यात त्यांच्या मोबाइलचा गजर वाजला. काकूंच्या पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून त्यांची कूस बदलायला सर गजर लावत. तो बंद करायचा राहून गेला होता. सर उठले. "आलो गं," म्हणत आत गेले.

बराच वेळ बाहेर आले नाहीत, म्हणून मी गेले. रिकाम्या गादीवर दोन्ही हात टेकून उभे होते.

"सर, चला बाहेर."

"सुटली म्हणतात," ते म्हणाले. "सुटली असेल. पण मला नव्हती गं सोडायची."