साळूबाईचा चौथा ठसा

एका जंगलात, मुलांनो, कायद्यापुढे सगळे प्राणी सारखे होते. कारण कायदा कुणाच्याच घरी कधी आला नव्हता.

त्या जंगलाचा राजा सिंह होता. तो दयाळू होता. दया कशी करावी हे ठरवायला त्याने एक समितीसुद्धा नेमली होती. समितीने पहिला निर्णय घेतला तो असा, की लंगड्या प्राण्यांना यापुढे लंगडे म्हणायचं नाही. दिव्यपाद म्हणायचं. गेलेला पाय कुणालाच परत मिळाला नाही, पण नाव सगळ्यांना मिळालं.

दुसरा निर्णय मात्र खरंच चांगला होता. जंगलातल्या पाणवठ्याची दरड फार उभी होती. चार पायांचे प्राणीही तिथे घसरत. म्हणून राजाने एका बाजूने दरड खणून छानसा उतार बांधला. दिव्यपादांनी त्यावरून सावकाश खाली जावं, पोटभर पाणी प्यावं, सावकाश वर यावं. उताराच्या तोंडाशी फाटक बसवलं आणि फाटकाशी रानगवा उभा केला.

हे झालं हिवाळ्यात. आता उन्हाळा चढला होता आणि पाणी पार तळाला गेलं होतं.

त्याच जंगलात साळूबाई राहायची. साळूबाई म्हणजे साळिंदर. पाठीवर काट्यांचा भारा घेऊन फिरणारी, तोंडाने त्या काट्यांहून थोडी जास्त टोकदार. माणसांनी लावलेल्या फासकीत तिचा पुढचा डावा पाय अडकला आणि तिथेच राहिला. साळूबाई तेवढी सुटून आली. पावसाळा गेला, हिवाळा गेला, तोवर ओलसर कंद चघळून तिचं भागलं. आता कंदही वाळले. जीभ टाळूला चिकटायला लागली.

एका सकाळी ती लंगडत उताराशी गेली.

"दाखला?" रानगवा म्हणाला.

"हा काय," साळूबाईने पाय नसलेली बाजू पुढे केली.

रानगव्याने खाली वाकून नीट पाहिलं. "मावशी, मला दिसतंय. पण मी बघून काय उपयोग? कागदाने बघायला पाहिजे."

"कागदाला डोळे असतात का रे?"

"नसतात. म्हणून तर त्याच्यावर सगळ्यांचा विश्वास असतो. कचेरीत जा, मावशी. टेकडीवर आहे."

मुलांनो, दिव्यपाद कल्याण कचेरी टेकडीच्या टोकावर होती. तिथे वारा चांगला लागायचा. कचेरीतल्यांना.

साळूबाई टेकडी चढली. तीन पाय चढायचे आणि एक बाजू फरफटत यायची. वर पोचली तेव्हा खिडकीशी घोरपड बसली होती. घोरपड कड्याला चिकटते हे तुम्हाला माहीत आहे. ही खुर्चीला चिकटली होती.

"मॅडम, उताराचा दाखला हवा होता."

"वर कशा आलात?" घोरपडीने विचारलं.

"चालत."

"चालत आल्या," असं घोरपडीने एका पानावर लिहून घेतलं. मग तिने साळूबाईला पळसाचं एक मोठं पान दिलं. "हा अर्ज. सोबत बिळाचा दाखला, पाय गेल्याचं डॉक्टरांचं पत्र, आणि इथे खाली ठसे. डॉक्टर बुधवारी येतात."

"आज बुधवारच आहे की."

"आले तर बुधवारी येतात. आज आलेले नाहीत."

साळूबाई खाली उतरली. पुढच्या बुधवारी पुन्हा चढली. या वेळी डॉक्टर होते. डॉक्टर म्हणजे सुतारपक्षी. प्राणी आला की ते त्याच्यावर चोचीने टकटक करून बघत. साळूबाईचा पाय जिथे असायला हवा होता, तिथल्या हवेत त्यांनी चोच मारली.

"दुखतं?"

"डॉक्टर, तिथे काही नाहीये."

"हं. म्हणजे संवेदना गेली आहे." त्यांनी लिहून घेतलं. "पाय एकूण किती होते?"

"चार."

"गेला एक. म्हणजे पंचवीस टक्के. उताराला चाळीस लागतात."

साळूबाईचे काटे उभे राहिले. "मग उरलेल्या पंधरा टक्क्यांसाठी कुठला पाय तोडून आणू? पुरा तोडू की थोडासा?"

सुतारपक्षी मनाने चांगला होता. त्याने मान तिरकी करून विचार केला. "धाप लागते का तुम्हाला?"

"ही टेकडी चढायला लागल्यापासून लागते."

"दहा टक्के. रडू येतं?"

"त्या खिडकीशी उभं राहिलं की येतं."

"पाच. झाले चाळीस!"

म्हणजे पाहा, मुलांनो, घरून निघाली तेव्हा साळूबाई पंचवीस टक्केच होती. बाकीची तिला कचेरीने करून दिली. कचेरी काहीच देत नाही असं जे म्हणतात, ते खोटं आहे.

डॉक्टरांचं पत्र घेऊन साळूबाई आनंदाने खिडकीशी आली. तिने जांभळाच्या रसात पाय बुडवून ठसे उमटवले. पुढचा उजवा. मागचा उजवा. मागचा डावा. मग तिने पान घोरपडीपुढे सरकवलं.

घोरपडीने पान उजेडात धरलं. "एक चौकोन रिकामा आहे."

"तोच तर पाय नाहीये."

"अर्ज अपुरा आहे."

"मॅडम, अर्ज अपुरा नाही, मी अपुरी आहे! म्हणूनच आले ना!"

"तुम्ही कशाही असा हो. अर्ज पुरा पाहिजे. चार पाय, चार चौकोन. नियम सगळ्यांना सारखा."

"अहो, पण लंगड्यांच्या अर्जात..."

"शब्द जपून वापरा," घोरपड दुखावल्या आवाजात म्हणाली. "इथे आम्ही कुणाला तसं म्हणत नाही. दिव्यपाद."

"बरं. तर या दिव्यपादाचा दिव्य पाय फासकीत राहिला. त्याचा ठसा कुठून आणू?"

घोरपडीने जरा विचार केला. ती दुष्ट नव्हती. नुसती बसलेली होती. "फासकी कुठे आहे ते माहीत असेल ना? मग जाऊन एक ठसा घेऊन या तिथून."

मुलांनो, इथे तुम्हाला राग आला असेल. येऊ देऊ नका. रागाचा अर्ज वेगळा असतो, आणि तो याच खिडकीत द्यावा लागतो.

साळूबाई कचेरीबाहेरच्या आंब्याखाली मटकन बसली. तिथे कोल्होबा बसलेला असायचा. कचेरी म्हटली की बाहेर झाड असतं, आणि झाड म्हटलं की खाली कोल्होबा असतो.

"कुठे अडलं, ताई?" त्याने मायेने विचारलं.

"चौथ्या ठशात."

"एवढंच ना? आधी बोलायचं! ठसे आहेत आपल्याकडे. भेकराचा देऊ? मुंगसाचा नाजूक उमटतो, पण तुमच्या अंगाला शोभायचा नाही. रानमांजराचा घ्या. चालतोय."

"खोटं नाही का रे हे?"

"ताई, चौकोन रिकामा ठेवणं हे खोटं. तो म्हणतो इथे पाय नाही. सरकारच्या मते प्रत्येकाला चार पाय असतात. तुम्ही काय सरकारपेक्षा जास्त जाणता?"

साळूबाईचा घसा कोरडा पडला होता. कोरड्या घशाने वाद घालता येत नाही. बिळात जपून ठेवलेला शेवटचा रसाळ कंद तिने कोल्होबाला आणून दिला आणि रिकाम्या चौकोनात रानमांजराचा पाय उमटवून घेतला.

घोरपडीने पान पुन्हा उजेडात धरलं. या वेळी तिचा चेहरा खुलला. "वा! आता कसं पुरं झालं."

"मग द्या दाखला."

"दाखला कसला? नामंजूर." घोरपडीने शेपटी शाईत बुडवून पानावर आपटली. "डॉक्टर म्हणतात पाय नाही. ठसे म्हणतात चारही आहेत. शिवाय माझी स्वतःची नोंद आहे. 'चालत आल्या.'"

त्याच वेळी आतून लांडगा आला. चारही पायांवर डुलत. तोंडात हिरवागार दाखला होता. बोलता यावं म्हणून दाखला जमिनीवर ठेवून तो थांबला.

"काय साळूबाई, अजून हेलपाटे चाललेत?"

"तुला कसा मिळाला रे मुडद्या? तुझे तर चारही पाय धड!"

"धडच आहेत. म्हणून तर ठसे झकास आले." लांडग्याने डॉक्टरांचं पत्र दाखवलं. त्यावर लिहिलं होतं, 'चारही पाय आहेत. पैकी एक मनातून लंगडतो.' "पत्र आणि ठसे जुळले पाहिजेत, साळूबाई. लंगडायला आधी पाय लागतो. तुमच्याकडे तोच नाही. पायाच नाही तर इमारत कशी उभी राहणार?"

आणि दाखला उचलून तो उड्या मारत टेकडी उतरून गेला.

त्या दुपारी साळूबाई पाणवठ्याशी आली. राजाच्या उतारावर गर्दी होती. लांडगा होता. कोल्होबा होता. रानडुकराचं अख्खं कुटुंब होतं. मनातून लंगडणाऱ्यांची ती गर्दी इतकी मोठी होती की उतरायला धक्काबुक्की करावी लागत होती, आणि ते काम सगळे मोठ्या चपळाईने करत होते. तरस तेवढा फाटकाबाहेर होता. त्याची चाल जन्मतःच लंगडी दिसते. "सोंग करतोस का?" म्हणून रानगव्याने त्याला परत पाठवलं होतं.

साळूबाई फाटकावरून तशीच पुढे गेली. उभ्या दरडीच्या कडेला थांबली. खाली पाणी होतं. दिसत होतं, वास येत होता, मिळत नव्हतं.

तोंड पुढे करून उतरलं तर पुढचा एकच पाय अंग तोलणार नाही, कपाळमोक्ष होणार, हे तिला कळत होतं. आज पाणी मिळालं नाही तर उद्या इथवर येणंही होणार नाही, हेही कळत होतं. मग तिने जे केलं ते कुठल्याही समितीला सुचलं नव्हतं. तिने दरडीकडे पाठ केली, सगळे काटे फुलवले आणि अंग मागे सोडून दिलं.

खर्रर्र!

काटे मातीत रुतले. माती भसाभस सुटली. काट्यांच्या आधाराने अडकत, घसरत, शिव्या देत साळूबाई खाली पोचली. मग ती प्याली. पोट तट्ट होईपर्यंत प्याली. वर बघितलं तर दरडीवर नांगरल्यासारखे चर पडले होते. त्या चरांत पाय अडकवत ती वरही आली.

"मावशी, तिकडून जायची परवानगी नाही बहुतेक," रानगवा लांबून म्हणाला.

"बहुतेकचा अर्ज आण जा भरून," साळूबाई म्हणाली.

दुसऱ्या दिवशी ती पुन्हा घसरली. तिच्यामागून तरस उतरला. मग तीन पायांचा ससा आला, मग कंबर मोडलेला वानर, मग डोळ्यांनी दिसत नसलेली म्हातारी नीलगाय साळूबाईच्या खरखर आवाजाचा माग काढत आली. रोज काटे, रोज खुर, रोज माती. उन्हाळा संपत आला तोवर तिथे असा उतार तयार झाला की राजाचा उतार त्याच्यापुढे लाजावा. रुंद, मऊ, हळूहळू खाली जाणारा. रानडुकराचं कुटुंबही चोरून तिकडूनच जायला लागलं.

बातमी राजाच्या कानावर गेली. राजा आला. त्याने उतार पाहिला आणि त्याचे डोळे पाणावले.

"हाच तो लोकसहभाग!" तो म्हणाला. "आम्ही योजना आणली आणि प्रजेने ती डोक्यावर घेतली!"

"पाठीवर, महाराज," साळूबाई म्हणाली. पण तोवर तुताऱ्या सुरू झाल्या होत्या.

मोठा समारंभ झाला. घोरपड खुर्चीसकट आली. सुतारपक्ष्याने खांबावर टकटक करून उतार मजबूत असल्याचं पत्र दिलं. राजाने साळूबाईला नारळ दिला. साळिंदराला नारळ फोडता येतो की नाही हे कुणी विचारलं नाही. मग राजाने तिच्या अंगावर शाल घातली. शाल काट्यांत गेली ती निघेचना. राजाने ओढली, प्रधानाने ओढली, शेवटी फाटली. तेव्हा सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. सगळ्यांत मोठ्या टाळ्या रानगव्याच्या होत्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी साळूबाई पाणी प्यायला निघाली. काट्यांत शालीच्या चिंध्या होत्या. तिच्या उताराच्या तोंडाशी नवंकोरं फाटक होतं. फाटकाशी रानगवा होता.

"दाखला?" रानगवा म्हणाला.

साळूबाई त्याच्याकडे बघतच राहिली. "अरे, काल तू टाळ्या वाजवत होतास ना?"

"वाजवल्या की, मावशी. काल कार्यक्रम होता." रानगव्याने मान खाली घातली. त्याला खरंच वाईट वाटत होतं. "पण तुमचा अर्ज आता व्हायचा नाही, असं मॅडम म्हणत होत्या. तुमच्या पानावर नवी नोंद झालीये. 'स्वतः उतार खणला.' एवढं काम करणाऱ्याला अपंग कसं म्हणायचं?"

"दिव्यपाद म्हण," साळूबाई म्हणाली.

पलीकडून, दाखला तोंडात धरून, लांडगा फाटकातून आत गेला.

 साळूबाई फाटकावरून पुढे गेली, अजून पुढे, जिथे दरड पुन्हा उभी होती तिथवर. मागून तरस, ससा, वानर आणि खरखर ऐकत चालणारी नीलगाय आली. साळूबाईने दरडीकडे पाठ केली आणि काटे फुलवले.

"मावशी, थांबा!" रानगवा ओरडला. "आता तिथेही फाटक बसवावं लागेल!"

"बसव की," साळूबाई म्हणाली. "दरड लांबच लांब आहे."

खर्रर्र!

तात्पर्य: मुलांनो, अपंगत्वाचा अर्ज धडधाकट असतानाच करून ठेवावा. चारही पाय शाबूत असले की ठसे छान उमटतात. एकदा पाय गेला की तो गेल्याचा पुरावाही त्याच्यासोबत जातो.