सुटलेल्या फरश्या

"या, या! बँकेच्या हॉलमधून सरळ आत या, आपल्या जागेवर बसू."

रावसाहेब काळे दारात आलेल्या पाहुण्याचं स्वागत असं करतात. नवा माणूस चपला काढता काढता थबकतो. हॉलमध्ये चांगला दिवाण आहे, दोन खुर्च्या आहेत, वर पंखा आहे. पण रावसाहेब त्याला दंडाला धरून स्वयंपाकघरात नेतात आणि ओट्यापुढं जमिनीवर बसवतात. पाहुणा हट्टी निघाला आणि हॉलमध्येच टेकला, तर ते रागवत नाहीत. "बसा की, बँक काय उठवीत नाय," म्हणतात आणि स्वतः आत जाऊन बसतात. मग दोघं दोन खोल्यांतून ओरडून गप्पा मारतात आणि त्या सगळ्या आम्हाला ऐकू येतात.

आम्हाला म्हणजे मला आणि आमच्या ह्यांना. गारखेड्यात आमची रो-हाऊसं एकाला एक चिकटून आहेत, मधली भिंत एकच. मी शाळेत जन्मभर भूगोल शिकवला. देशांच्या सरहद्दी, राज्यांच्या सरहद्दी पोरांकडून घोकून घेतल्या. पण कुणी स्वतःच्या राहत्या घरात सरहद्द आखलेली मी तोवर पाहिली नव्हती.

रावसाहेब वाळूजच्या एका कारखान्यात मालाची मापं तपासतात. केसभर फरक असला तरी माल बाजूला काढायचा, हे त्यांचं काम. तीच सवय त्यांनी घरी आणली. घर घेतलं तेव्हा त्यांनी वीस वर्षांचं कर्ज काढलं. सगळेच काढतात आणि हप्ता भरून मोकळे होतात. रावसाहेबांनी काय केलं, तर घराच्या किमतीला घरातल्या फरश्यांनी भागलं आणि एक फरशी केवढ्याला पडते ते काढलं. दरवर्षी बँकेतून हिसाब आणायचा, वर्षभरात मुद्दल किती फिटलं ते बघायचं, तेवढ्या रकमेच्या फरश्या मोजायच्या आणि त्यांच्या कोपऱ्यात लाल ऑइलपेंटचा ठिपका द्यायचा. ठिपका दिलेली फरशी सुटली. बाकीच्या बँकेच्या.

पहिल्या वर्षी मी मुद्दाम बघायला गेले. वर्षभर एवढाले हप्ते भरले होते, मला वाटलं अर्धं स्वयंपाकघर तरी लाल झालं असेल. ओट्यापुढं बोटावर मोजण्याइतके ठिपके!

"अहो, बाकीचे पैसे गेले कुठं?" मी विचारलं.

"व्याजात, बाई. सुरुवातीला हप्ता भरला की पहिल्यांदा व्याज जेवतं. ते पोटभर जेवलं की ताटात उरलेलं मुद्दलाला. व्याजाला ठिपका नसतो."

मग त्यांनी मला वीस वर्षांचा हिसाब तोंडी करून सांगितला आणि म्हणाले, "एक घर घेतलं, पण पैसे दोन घरांचे भरायचेत. हे एक तर दिसू राहिलं. दुसरं कुठंय, ते मी शोधतोय."

हे त्यांचं पालुपद झालं. बसमध्ये, किराणा दुकानात, कुणाच्या लग्नाच्या पंगतीत, कुणी नव्या घराचा विषय काढला की रावसाहेबांनी विचारलंच, "कर्ज काढलं का? मग दुसरं घर कुठं घेतलं?" समोरचा बिचारा गोंधळून म्हणायचा, "एकच घेतलं हो." "नाय नाय, नीट बघा. दोनाचे पैसे भरणार तुम्ही." आमच्या गल्लीतल्या दोघांनी तरी त्यांच्या धास्तीनं घर घ्यायचं पुढं ढकललं आणि त्यांच्या बायका अजून रावसाहेबांच्या नावानं बोटं मोडतात.

मला हे सगळं गमतीचं वाटायचं. फक्त कुसुमला वाटायचं नाही.

कुसुम त्यांची बायको. कन्नडकडची, स्वभावानं गरीब, पण एका गोष्टीवरून तिचा जीव सारखा वरखाली व्हायचा. रावसाहेबांनी घराची वास्तुशांती केली नव्हती. "घर बँकेचं, तर शांती बँकेनं करावी. आपण सगळं सुटल्यावर करू," असं म्हणून विषय संपवला होता. आणि तिकडं कन्नडजवळच्या खेड्यात तिचे वडील, नाना, त्या बोलावण्याची वाट बघत बसले होते. त्यांच्या घराण्यात रीतच तशी. लेकीच्या नव्या घरात बापानं पहिलं पाऊल टाकायचं ते वास्तूचा आहेर घेऊन. मोकळ्या हातानं उंबरा ओलांडायचा नाही. लेकीनं घर घेतल्याचं नानांनी ऐकलं त्याच आठवड्यात बाजारातून हिरवी साडी आणून ट्रंकेत ठेवली. कुसुम दिवाळीला माहेरी गेली की ते साडी बाहेर काढून दाखवायचे, कडुनिंबाचा पाला बदलायचे आणि परत ठेवायचे.

मध्ये एकदा ते शहरात आले होते, डोळे दाखवायला. लेकीच्या दारापर्यंत आले आणि बाहेरच्या पायरीवर बसले. कुसुमनं रडून बघितलं, चिडून बघितलं. "बोलावणं धाडा, मग आत येतो," एवढंच म्हणाले. पायरीवरच चहा घेतला आणि चारच्या एस.टी.नं गेले. तेव्हा रावसाहेबही शेजारी पायरीवर बसले होते, खाली मान घालून. पायरीला फरशी नव्हती, त्यामुळे ती कुणाची हे ठरलेलं नव्हतं.

त्या दिवशी भिंतीपलीकडून कुसुमचा आवाज पहिल्यांदा चढलेला ऐकला. "तुमचे ठिपके पुरे होईस्तोवर माझा बाप राहील का? ऐंशीला टेकलेत ते! लाल ठिपक्यांपायी माझ्या बापाला दारात बसवलं तुम्ही."



पुढल्या वर्षी बँकेतून हिसाब आणायच्या दिवशी ते माझ्याकडं आले. "बाई, चला माझ्यासोबत. तुमचं इंग्रजी चांगलंय. काहीतरी घोळ हाय." घोळ असा होता की वर्ष भरलं, हप्ते चुकले नाहीत, तरी आदल्या वर्षीपेक्षाही कमी फरश्या सुटत होत्या.

बँकेतला साहेब तरुण होता, बोलायला गोड. त्यानं संगणकात बघून सांगितलं, "काका, व्याजाचा दर वाढला ना. पण काळजी करू नका, तुमचा हप्ता आम्ही वाढवला नाही. तेवढाच ठेवला. फक्त मुदत वाढली."

"किती?"

"सात वर्षं."

कप्पाळ माझं! रावसाहेबांनी मनातल्या मनात काहीतरी मोजलं. "म्हणजे मी रिटायर झाल्यावरबी हप्ता चालूच."

"हप्ता वाढवून घेतला तर मुदत कमी होईल, काका."

"पोरगा पुण्याला शिकतोय, साहेब. त्याची फी भरतो. हप्ता कुठून वाढवू?"

"म्हणूनच तर आम्ही वाढवला नाही. तुमची सोय बघितली."

रावसाहेब अगदी शांतपणे म्हणाले, "लई चांगलं केलं. मग आमच्या सासऱ्याचीबी मुदत सात वर्षं वाढवून द्या. तेवढी एक सोय करा."

साहेबाला काही कळलं नाही. तो हसला. मला कळलं आणि मला हसू आलं नाही.

बाहेर टपरीवर आम्ही चहा घेतला. मला त्यांचा रागही आला होता आणि दयाही येत होती. मी सरळ विचारलं, "रावसाहेब, एक सांगा. सगळं जग घर दारापासून मोजतं. तुम्ही आतून, ओट्यापासून का सुरुवात केली? दारापासून केली असती तर निदान नाना उंबऱ्याच्या आत आले असते."

चहाचा कप त्यांनी बाकावर ठेवला. म्हणाले, "आम्ही लासूर स्टेशनला राहायचो, बाई. बाप आडतीवर हमाली करायचा. भाड्याची एक खोली होती. भाडं थकलं. एका दुपारी मालक आला आणि म्हणाला, आत्ताच्या आत्ता निघा. आई भाकरी करीत होती. तव्यावर भाकरी होती. ती म्हणाली, एवढी उतरवू द्या. त्यानं नाय म्हटलं. आईनं पदरानं तवा उचलला आणि भाकरीसकट बाहेर आली. तसंच तवा घेऊन स्टेशनवर गेलो. ती भाकरी आम्ही बाकड्यावर बसून खाल्ली. एका बाजूनं कच्ची होती."

मीही माझा कप खाली ठेवला.

"म्हणून म्हटलं, कुसुम जिथं उभी राहून भाकरी करती ना, तेवढी जागा पहिल्यांदा सोडवायची. उद्या माझं काही बरंवाईट झालं तर तिथून तिला कोणी उठ म्हणू नये. बाकीचं मग बघू."

"हे तिला सांगितलंत कधी?"

"त्यात काय सांगायचं?" ते म्हणाले. असली ही पुरुषमाणसं! सगळ्या गावाला दुसरं घर विचारत फिरतील, आणि बायकोला एवढं सांगायला ह्यांची जीभ रेटत नाही. मी तिथंच त्यांना चांगलं फैलावर घेतलं. बँकेचा हिसाब बरोबर असेल, पण वीस वर्षांत, सत्तावीस वर्षांत घरची किती माणसं थांबतात त्याचा हिसाब कोण करणार, असं विचारलं. टपरीवाला बघायला लागला तेव्हा कुठं मी थांबले.

तसेच आम्ही घरी आलो. फाटकाशी थांबून रावसाहेब म्हणाले, "बाई, जेवढं सुटलं तेवढ्याची वास्तुशांती केली तर?"

मला वाटलं चेष्टा आहे. ती चेष्टा नव्हती. दुसऱ्या दिवशी त्यांनी गुरुजींना आणून लाल ठिपके दाखवले. तोवर ओट्यापासून मागच्या दारापर्यंतच्या फरश्या सुटल्या होत्या. गुरुजींनी कपाळाला हात लावला. "अहो काळे, अशी हप्त्याहप्त्यानं शांती शास्त्रात नाही!"

"शास्त्रात गृहकर्ज तरी कुठंय, गुरुजी?"

गुरुजी बराच वेळ दाढी खाजवत राहिले. त्यांचंही घर कर्जावरच होतं, हे मला मागाहून कळलं. शेवटी म्हणाले, "स्वयंपाकघरात अग्नी असतोच. तिथं बसून करू. देवाला काय, तो समजून घेईल."

कन्नडला बोलावणं गेलं. नाना आले, धुतलेलं धोतर, डोक्याला फेटा, काखेत साडीचं गाठोडं. आता त्यांना डोळ्यांनी फारसं दिसत नव्हतं, माणूस नुसता सावलीसारखा दिसायचा. रावसाहेब त्यांना मागच्या बोळीतून घेऊन आले. हॉलमधून आणलं असतं तर बँकेच्या जागेवर पाय पडला असता ना! मागचं दार उघडलं, कुसुमनं भाकरीचा तुकडा आणि पाणी ओवाळून टाकलं, आणि म्हातारा एकदाचा लेकीच्या घरात आला.

त्या चिमुकल्या जागेत होम, गुरुजी, नवराबायको, नाना आणि आम्ही दोघं असे दाटीवाटीनं बसलो. आमच्या ह्यांचा गुडघा बँकेच्या हद्दीत गेला, तर रावसाहेबांनी तो हळूच आत ओढला. नानांनी साडी दिली. कुसुमनं ती तिथंच नेसत्या लुगड्यावरून खांद्यावर घेतली आणि बापाच्या पायावर डोकं ठेवून रडली. नाना म्हणाले, "रडती काहून? आलो ना मी."

जेवणं झाल्यावर नाना भिंतीला धरून उठले. "आता सगळं घर दाखव, बाळा. दिसत नसलं तरी हात लावून बघतो."

कुसुमनं नवऱ्याकडं बघितलं. मीही बघितलं. लाल ठिपके संपत होते तिथंच म्हातारा उभा होता, एक पाऊल पुढं टाकून. पलीकडं बँकेचा हॉल.

नानांनी चाचपडत चौकटीशेजारच्या भिंतीला हात लावला. "ही भिंत कोणाची? शेजाऱ्याची का आपली?"

केसभर फरकाला माल बाजूला काढणारा माणूस, ज्याच्या तोंडून त्या घराबद्दल एक खोटा शब्द कधी निघाला नाही, तो पुढं झाला आणि त्यानं म्हाताऱ्याचा हात धरला.

"आपली, नाना. चला. सगळं आपलंच हाय."

कुसुमच्या हातातलं ताट तसंच राहिलं.

ते दोघं हॉलभर हिंडले. नानांनी खिडकी चाचपली, कपाट चाचपलं, "मोठं घर केलं जावईबापू" म्हणाले आणि थकून दिवाणावर आडवे झाले. दुपारी मी ताक द्यायला गेले तेव्हा कुसुम दारात बोट ओठांवर ठेवून उभी होती. "हळू बोला, बाई. दोघं झोपलेत." नाना दिवाणावर घोरत होते. खाली उघड्या फरशीवर, बँकेच्या जागेत, हात उशाला घेऊन रावसाहेब झोपले होते. मी त्यांना त्या खोलीत टेकलेलंसुद्धा कधी बघितलं नव्हतं.

नाना पुढच्या संक्रांतीआधी गेले. कर्ज अजून चालू आहे. ठिपके चालले आहेत हळूहळू.

परवा मी त्यांच्याकडं गेले होते. हॉलमधून जाताना दिवाणाखाली काहीतरी लाल दिसलं. वाकून बघितलं तर दिवाणाच्या चारी पायांखालच्या फरश्यांना ठिपके. बँकेचा हिसाब अजून स्वयंपाकघराच्या दारातून बाहेर यायचा होता, आणि ह्या चार फरश्या मधेच सुटलेल्या.

"रावसाहेब, ह्या कशा सुटल्या? ह्यांचा नंबर कुठं आला अजून?"

ते ओट्याजवळ बसून लसूण सोलत होते. मान वर न करता म्हणाले, "तेवढ्या नानांच्या. बँकेला इचारलं नाय मी."