मयताच्या कॉफीचा सेट

सेट उभारणं म्हणजे खोटं बोलणं, आणि अख्ख्या फ्लँडर्समध्ये माझ्याइतकं प्रामाणिकपणे खोटं कोणी बोलत नाही! मी उभारलेल्या पोलीस चौकीत एक गृहस्थ सायकल चोरीला गेल्याची तक्रार घेऊन आले होते. मीच टेबलाशी बसून ती ऐकून घेतली, काय करणार! त्यामुळे नव्या मालिकेत मयताच्या कॉफीचा, म्हणजे दफनानंतर सगळ्यांना बन-कॉफी देतात तो, प्रसंग आहे, असं दिग्दर्शक वाउटरने सांगितलं तेव्हा मी म्हटलं, "ही लुटगार्ट आहे ना? मग निर्धास्त राहा!"

गावातल्या चर्चसमोरचं सभागृह आम्हाला एकाच दिवसासाठी मिळालं होतं. त्या दिवशी प्रसंग झाला नाही, तर पुन्हा मिळायचं नाव नको. लांब टेबलांवर मी पांढरा कागद अंथरला. हॅमचे बन मांडले, दिव्यांखाली ताजे दिसावेत म्हणून त्यांवर जिलेटिनचा हात फिरवला. किटल्यांत कॉफी म्हणून करपवलेल्या साखरेचं गार पाणी भरलं. मयताच्या फोटोसाठी आमच्या ट्रक ड्रायव्हरला टाय बांधला, फोटो काढला आणि काळी फीत लावून टाकली. सगळे जेवायला गेले, मी एकटीच स्वतःचं कौतुक करत उभी राहिले.

तेवढ्यात दार उघडलं आणि काळ्या कोटातली चाळीसेक माणसं आत आली. ज्युनिअर कलाकार, तेही वेळेआधी! आमच्या धंद्यात असं कधी होत नाही. मला तिथेच शंका यायला हवी होती.

"या, या! म्हातारी माणसं पुढे, उंच माणसं मागे!" मी सगळ्यांना हाताला धरून बसवलं. तीही निमूट बसली. आमच्याकडे चारचौघांत तक्रार करणं म्हणजे पाप. दोन मिनिटांनी पाहते, तर सगळ्यांनी बन चावलेले!

"अहो, चावलेत ते चावलेत, आता दुसऱ्याला हात लावू नका!"

"कामीलच्या घरचे एवढे कंजूष कधीच नव्हते," एक बाई पुटपुटल्या.

वा! मालिकेतल्या मयताचं नाव दुसरंच होतं, पण यांनी घरून तयारी केली होती! कोणी गार पाण्याचे घोट घेत होतं, कोणी बनचा रबरी तुकडा एका गालातून दुसऱ्या गालात ढकलत होतं. फोटोकडे बघून एक आजी म्हणाल्या, "दुखण्याने किती बदलला गं बिचारा."

इतक्यात मधल्या टेबलावर हशा पिकला. लाल नाकाचे एक आजोबा काहीतरी किस्सा सांगत होते. माझं डोकं फिरलं.

"अहो आजोबा! इथे माणूस गेलाय! तुम्ही कोण आहात?"

"मी आखील. त्याचा भाऊ."

"भाऊ? भाऊ वाटत तरी आहात का? लहानपणी एका ताटात जेवलात, एका पांघरुणात झोपलात. तो गेला आता, परत येणार नाही! जरा तोंडावर दिसू दे की!"

आजोबांनी माझ्याकडे पाहिलं. त्यांची हनुवटी थरथरली आणि ते ढसाढसा रडायला लागले. त्यांचं बघून सगळं टेबल रडू लागलं. मी म्हटलं, याला म्हणतात दिग्दर्शन!

तेव्हाच दारात एक ठेंगणी म्हातारी येऊन उभी राहिली. डोक्यावरची टोपी वाकडी झालेली, धाप लागलेली.

"इथे आहात होय सगळे! शंभर बन घेऊन मी फुटबॉल क्लबात एकटी बसलेय. पाद्रीबाबांनी प्रार्थनेनंतर सांगितलं नव्हतं का, की सभागृह सिनेमावाल्यांना दिलंय, कॉफी क्लबात आहे म्हणून? मला वाटलं, माझ्या कामीलसाठी कोणी थांबलंच नाही!"

गावाचे पाय सवयीने समोरच्या दारात आले होते, एवढंच. माझ्या मात्र पायाखालची जमीन सरकली. मी खऱ्या मयताच्या सख्ख्या भावाला नीट रडत नाही म्हणून झापलं होतं!

सगळे माझी माफी मागत उठले. हो, त्यांनी माझी! ते गेले आणि वाउटर आला. उष्ट्या टेबलाकडे टक लावून बघत राहिला.

"प्रत्येक बनवर वेगळ्या दातांचा चावा! लुटगार्ट, तुझा हात कोणी धरू शकणार नाही!"

मी "थँक्यू" म्हटलं. दुसरं काय म्हणणार?

प्रसंग उरकल्यावर मी मान खाली घालून क्लबात गेले. म्हातारी, म्हणजे कामीलची बायको झुल्माकाकू, भांडी आवरत होत्या.

"काकू, चुकलं माझं. मला फार वाईट वाटतंय."

"ते राहू दे. आखील खरंच रडला?"

"मीच रडवलं त्यांना."

"तो स्वतःच्या आईला पुरून आल्यावर पत्ते खेळायला बसला होता!" त्या खुर्चीवर टेकल्या. "आमच्या कामीलला आयुष्यभर वाटायचं, भावाला आपलं काहीच नाही. आज हे बघायला तो हवा होता." त्यांनी बराच वेळ डोळे पुसले. मग पर्समधून पेन काढलं. "पोरी, तुझा फोन नंबर दे. माझ्या वेळेला तूच ये."

मी नंबर दिला. इतक्या वर्षांच्या कारकिर्दीत आगाऊ ठरलेलं माझं हे एकमेव काम, आणि तेही कधी होऊ नये असं वाटतंय!